सिम्युला: स्टॅकमधून सुटलेला ब्लॉक

प्रोग्रॅमिंगमधलं इनहेरिटन्स, म्हणजे एका क्लासचे (ऑब्जेक्टच्या साच्याचे) गुण दुसऱ्याला वारशाने मिळणं, शिकवताना 'कुत्रा हा प्राणी आहे' छापाची उदाहरणं देतात. त्यातून इनहेरिटन्स ही निव्वळ वर्गीकरणाची सोय आहे असा समज होतो. मुळात ती एका रांगेच्या अडचणीतून आली.

1960 च्या दशकात ओस्लोच्या नॉर्वेजियन कम्प्युटिंग सेंटरमध्ये क्रिस्टन नायगार्ड आणि ओले-योहान डाल युनिव्हॅक 1107 या संगणकासाठी सिम्युला ही सिम्युलेशनची, म्हणजे खऱ्या घडामोडींची नक्कल संगणकावर चालवण्याची, भाषा बनवत होते. पाया होता अल्गोल 60 या प्रोग्रॅमिंग भाषेचा. अल्गोलमध्ये ब्लॉक (कोडचा एक तुकडा) संपला की त्याची व्हेरिएबल्स स्टॅकवरून, म्हणजे एकावर एक रचलेल्या मेमरीतून, जातात, आणि शेवटी आलेला ब्लॉक आधी संपावाच लागतो. टोलनाक्याचं सिम्युलेशन करताना हे जमत नाही. ट्रक थांबलेला, बस मागे उभी, दोघांची कामं अर्धवट, आणि कोण आधी सुटेल ते ठरलेलं नाही. म्हणून डालने स्टॅक सोडून मेमरी वाटपाची वेगळी योजना लिहिली. ब्लॉक मेमरीत टिकून राहू लागला. ऑब्जेक्ट म्हणजे हाच टिकलेला ब्लॉक.

आता ट्रक आणि बस एकाच रांगेत लावायच्या, तर दोघांतही मागच्या-पुढच्याचे दुवे हवेत. संगणकशास्त्रज्ञ टोनी होअर यांच्या रेकॉर्ड क्लासमध्ये सबक्लास (क्लासचे उपप्रकार) होते, पण ते होते निव्वळ डेटाचे. इथे प्रत्येकाची स्वतःची कृतीही होती. शिवाय रांगेचा कोड आधीच लिहून ठेवून पुढे कुठल्याही, आज माहीत नसलेल्या गोष्टीला जोडता यायला हवा होता. 1966-67 च्या हिवाळ्यात उत्तर सापडलं: क्लासच्या आधी दुसऱ्या क्लासचं नाव लिहायचं. 'लिंक' हा रांगेच्या दुव्यांचा क्लास; 'लिंक क्लास ट्रक' लिहिलं की ट्रकला रांगेत शिरणं आणि बाहेर पडणं आयतं मिळतं. मला तरी सिम्युला 67 मधली सर्वांत मोठी कल्पना हीच वाटते.

सिम्युलात नवखे अडकतात ते 'डिटॅच' या थांबण्याच्या आज्ञेपाशी. 'न्यू' म्हणून नवा ऑब्जेक्ट बनवला की त्याची बॉडी (आतला कोड) लगेच चालू लागते आणि डिटॅच आल्यावर थांबून ऑब्जेक्टचा रेफरन्स (त्याच्याकडे नेणारा दुवा) परत देते. डिटॅच विसरलं तर बॉडी थेट शेवटापर्यंत जाते. नंतर ऑब्जेक्टमधली मूल्यं वाचता येतात, पण त्याला पुढे चालवता येत नाही. सिम्युलेशनच्या 'प्रोसेस' क्लासमध्ये डिटॅच आधीच लिहिलेलं असतं. त्याचा सबक्लास केला की ते आपोआप मिळतं. म्हणजे वारशात कृतीसुद्धा येते. रेफरन्स देताना कोलन-बरोबर (:=) नव्हे, कोलन-डॅश (:-) लागतं, हेही लक्षात ठेवावं.

अ‍ॅलन के या संगणकशास्त्रज्ञांनी 1966 मध्ये युटा विद्यापीठात सिम्युला पाहिली. पुढे झेरॉक्स पार्क या संशोधन केंद्रात त्यांनी ऑब्जेक्टमधल्या संदेशांवर भर देणारी स्मॉलटॉक ही भाषा आखली. 1972 ची तिची पहिली आवृत्ती त्यांचा सहकारी डॅन इंगल्सने बेसिक या भाषेत लिहिली.

पुढे सी++ बनवणाऱ्या बियार्न स्ट्रॉस्ट्रुपने केंब्रिजमध्ये आपला सिम्युलेटर सिम्युलात लिहिला. मांडणी उत्तम जमली, वेग मात्र रडतखडत. 80 टक्क्यांहून जास्त वेळ गार्बेज कलेक्टर (न लागणारी मेमरी, म्हणजे कचरा, मोकळी करणारी यंत्रणा) खात होता, आणि प्रोग्रॅममध्ये कचरा तर तयारच होत नव्हता. 1979 मध्ये त्याने 'सी विथ क्लासेस' ही सी++ ची पूर्वज भाषा सुरू केली. तिच्यात सिम्युलाचे क्लास घेतले, कलेक्टर घेतला नाही.