डालोल : जिथे नेपथ्य उभारावे लागले नाही

मिगेल यान्सो या स्पॅनिश दिग्दर्शकाचा ‘क्रम्ब्स’ हा इथिओपियन चित्रपट २०१५ साली आला. जेमतेम ६८ मिनिटांचा, अम्हारिक भाषेतला आणि अगदी तुटपुंज्या पैशांत केलेला हा चित्रपट मी एका मित्राच्या घरी पाहिला. जग संपून गेल्यानंतरच्या काळात पाठीला बाक असलेला एक ठेंगणा माणूस प्लास्टिकचे नाताळचे झाड घेऊन पिवळ्याजर्द, वाफाळत्या जमिनीवरून चाललेला आहे, हे त्यातले सुरुवातीचे दृश्य मनातून जाईना. ती जमीन संगणकावर रंगवलेली असणार, असे मी धरून चाललो होतो. ती खरी आहे, तिचे नाव डालोल आहे आणि तिथे जाता येते, हे कळल्यावर मी पैसे बाजूला टाकायला लागलो. २०१९ च्या जानेवारीत मुंबईहून अदिस अबाबाला आणि तिथून दुसऱ्या विमानाने उत्तरेकडच्या मेकेले शहरात पोहोचलो.

मेकेले दोन हजार मीटरहून अधिक उंचीवर आहे, तर डालोल ज्या दानाकिल खोलगटात आहे तिथले मिठाचे मैदान समुद्रसपाटीपासून शंभर मीटरहून अधिक खाली आहे. ही सारी उतरण जीपने एका दिवसात होते. सकाळी अंगात स्वेटर होता आणि दुपारी वाटेतले बेराहिले गाव सोडेपर्यंत शर्ट अंगाला चिकटला होता. मुक्काम हामेद एला या वस्तीवर होता. तिथे खोल्या नाहीत, उघड्यावर ओळीने बाजा टाकलेल्या असतात. रात्री सुटणारा वारा इतका उष्ण होता की पांघरूण मागण्याचा प्रश्नच आला नाही. १९६० ते १९६६ या काळात डालोलला जे वार्षिक सरासरी तापमान नोंदले गेले ते ३४ अंशांच्या वर होते. सरासरीत रात्रही येते आणि हिवाळाही येतो, हे ध्यानात घेतले म्हणजे त्या आकड्याचा अर्थ कळतो.

पहाटे सशस्त्र पहारेकऱ्यांसह निघालो. डालोलचे तपकिरी टेकाड चढताना पायाखाली मीठ करकर वाजत होते, आणि वाटाड्याने बजावले होते की त्याच्या पावलावरच पाऊल ठेवायचे, कारण मिठाचे कवच कुठे पातळ आहे ते वरून दिसत नाही. माथ्यावर पोहोचताच चित्रपटातली ती जमीन समोर आली. मी एका लहानशा कुंडाशी उकिडवा बसलो. त्याचा काठ अंड्याच्या टरफलाइतका पातळ होता. आत हिरवे पाणी बुडबुडत होते आणि प्रत्येक बुडबुड्याबरोबर गंधकाचा उग्र वास नाकात शिरत होता. खालून येणारे पाणी अतिशय खारट, तापलेले आणि जहाल आम्लयुक्त असते. त्यातले लोह हवेला लागून गंजत जाते, तसा हिरवा रंग पिवळ्यावर आणि पुढे तपकिरीवर जातो. म्हणून जिथे झळझळीत रंग आहेत तिथे झरा जिवंत आहे आणि तपकिरी भाग विझलेला आहे, असे ओळखावे. आज रंगीत असलेली जागा काही महिन्यांनी मावळलेली असते, त्यामुळे चित्रपटात दिसलेली नेमकी कुंडे मला सापडली नाहीत. या पाण्यात सूक्ष्मजीव तरी तग धरतात का, यावर त्याच वर्षी शास्त्रज्ञांच्या दोन गटांनी परस्परविरोधी निष्कर्ष प्रसिद्ध केले.

टेकाडाजवळ जुनी वसाहत आहे. विसाव्या शतकाच्या आरंभी इटालियनांनी इथे पोटॅश, म्हणजे खतासाठी लागणारा पोटॅशियमचा क्षार, काढायला सुरुवात केली आणि ते लाल समुद्रावरच्या बंदरापर्यंत नेण्यासाठी एरिट्रियातून रेल्वेही टाकली. पुढे इतर कंपन्या आल्या आणि गेल्या. मागे उरल्या त्या मिठाच्याच ठोकळ्यांनी रचलेल्या, छपरे गेलेल्या भिंती आणि हात लावताच पापुद्रे सुटणारे लोखंड. यान्सो यांच्याकडे पैसा नव्हता, पण दुसऱ्यांनी आधीच उभारून टाकून दिलेले जग त्यांना इथे आयते मिळाले. मोठ्या पैशांच्या चित्रपटांत भग्न शहरे बांधून घ्यावी लागतात आणि ती बांधलेली आहेत हे मला नेहमी जाणवते. इथल्या भिंतींना तो कृत्रिमपणा शिवलेला नाही.

चित्रपटातला तो ठेंगणा माणूस म्हणजे डॅनियल तादेस्से यांनी साकारलेला कँडी. तो आणि सेलाम तेस्फाये यांची बर्डी एका ओसाड बोलिंगच्या दालनात राहतात आणि आकाशात एक गंजके यान कित्येक वर्षे तरंगत असते. विसाव्या शतकातली स्वस्त खेळणी आणि गाण्याच्या तबकड्या त्या जगात अमूल्य ठेवी झालेल्या आहेत. गहाणवटीच्या दुकानातला म्हातारा त्यांची किंमत ठरवतो, आणि बर्डी बास्केटबॉलपटू मायकेल जॉर्डनच्या प्रतिमेपुढे प्रार्थना करते. पहिल्यांदा पाहताना हे मला निव्वळ कल्पनेचे खेळ वाटले होते. दानाकिलमध्ये मात्र मला तसे म्हणता येईना, कारण इथल्या मिठाच्या लाद्या ‘आमोले’ या नावाने शतकानुशतके इथिओपियात चलन म्हणून चालल्या होत्या.

त्या लाद्या आजही तशाच निघतात. दुपारी आम्ही मैदानावर गेलो, तेव्हा माणसे दांड्यांनी मिठाचा थर एका जोरात उचकटत होती आणि शेजारी बसलेले कारागीर वाकसासारख्या हत्याराने त्याच्या चौकोनी लाद्या तासत होते. एकाने कडेची कपची उडवली, लादी डोळ्यांसमोर धरून धार पाहिली आणि काही न बोलता ती थप्पीवर ठेवली. मी वसईचा. आमच्या मिठागरांत समुद्राचे पाणी आत घ्यावे लागते, इथे समुद्रच आटून मैदान झालेला आहे. संध्याकाळी लादलेल्या उंटांचा तांडा डोंगराकडे निघाला आणि कितीतरी वेळ संपेना. चित्रपट पाहताना मला ही जागा निर्मनुष्य वाटली होती. प्रत्यक्षात इथे कंपन्यांचे जग संपले, पण इथल्या स्थानिक अफार लोकांचे आणि डोंगरातून उतरणाऱ्या तिग्राय मजुरांचे काम खंडले नाही.

परतताना मेकेलेच्या बाजारात मी लादीचा एक तुकडा घेतला. दुकानदाराने तो तळहातावर तोलला, जराशी किंमत सांगितली आणि वर्तमानपत्रात बांधून दिला. घरी तो काचेच्या कपाटात, चित्रपटाच्या छापील चित्राशेजारी ठेवला. जूनमध्ये पहिला पाऊस झाला, तेव्हा त्याला पाणी सुटले आणि चित्राचा खालचा कोपरा भिजला. आता त्याच्याखाली बशी ठेवलेली आहे.