‘शिक्षा संपल्याचा दाखला आणा’

शिक्षा एका वर्षाची होती. ती सेवापुस्तकातून, म्हणजे नोकरीच्या नोंदींच्या पुस्तकातून, निघायला पावणेतीन वर्षं लागली.

मी राज्य शासनात लिपिक-टंकलेखक, ऑगस्ट २००९ मध्ये रुजू झालो. एका नस्तीला (फाईलला) मी दोन महिने हात लावला नव्हता हे खरं. कारणं होती, पण ती आता कोण ऐकतो. १९७९ च्या शिस्त व अपील नियमांतल्या नियम १० खाली (हा किरकोळ शिक्षांचा नियम) ज्ञापन, म्हणजे खुलासा मागणारं पत्र, आलं, खुलासा दिला, तो अमान्य झाला. मार्च २०१९ मध्ये आदेश हातात पडला: पुढची देय वेतनवाढ एक वर्षासाठी, ‘पुढील वेतनवाढींवर परिणाम न होता’, रोखण्यात येत आहे. अपिलाला ४५ दिवस असतात. ‘वर्षाचाच तर प्रश्न आहे’ म्हणून मी ते केलं नाही. तुम्ही असा शहाणपणा करू नका.

त्याच वर्षी ऑगस्टमध्ये माझी नोकरीची दहा वर्षं भरली. २ मार्च २०१९ च्या शासन निर्णयाने आश्वासित प्रगती योजनेचे (पदोन्नती न मिळताही वरची वेतनश्रेणी देणाऱ्या योजनेचे) लाभ १०, २० आणि ३० वर्षांवर आले, म्हणजे मला एस-६ या वेतनस्तरातून एस-८ मिळायला हवं होतं. शिक्षा चालू असताना ते मिळत नाही, म्हणून तारीख १ जुलै २०२० वर गेली. इथवर माझी काही तक्रार नव्हती.

मध्ये माझी बदली झाली होती. जुन्या कार्यालयाने सेवापुस्तकात एवढंच लिहिलं होतं: ‘एक वेतनवाढ रोखली.’ ‘पुढील वेतनवाढींवर परिणाम न होता’ हे पाच शब्द गाळले होते. जुलै २०१८ ला माझं मूळ वेतन २६,००० होतं. जुलै २०१९ ची वाढ गेली. जुलै २०२० ला रोखलेली आणि नवी अशा दोन्ही मिळून २७,६०० व्हायला हवे होते. नव्या कार्यालयाने एकच दिली, २६,८००. एस-८ मध्ये वेतननिश्चिती २८,७०० ऐवजी २७,९०० वर येणार होती. महिन्याला ८०० रुपये आणि त्यावरचा महागाई भत्ता, तोही निवृत्तीपर्यंत. म्हणजे तात्पुरती शिक्षा कायमची झाली होती. कायमची द्यायची तर नियम ८ प्रमाणे पूर्ण विभागीय चौकशी करावी लागते. ती माझी झालीच नव्हती.

हे मी आस्थापनेच्या (कर्मचाऱ्यांच्या नोंदी बघणाऱ्या शाखेच्या) भाऊसाहेबांना दाखवलं. ते म्हणाले, “तुमचं बरोबर आहे, पण नोंदीत तसं नाही.” प्रस्ताव वर गेला आणि त्रुटी लागून परत आला: ‘शिक्षेचा अंमल संपल्याचा दाखला जोडावा.’ आता हा दाखला कोण देतं? जुनं कार्यालय म्हणे, कर्मचारी आमच्याकडे नाही. नवं म्हणे, शिक्षा आम्ही दिली नाही. आदेशातच ‘एक वर्ष’ लिहिलंय, ३० जून २०२० ला वर्ष संपलं, त्याला दाखला कसला? पण हे ज्याला सांगायचं त्या टेबलावर दर वेळी दुसराच माणूस. तिसऱ्यांदा प्रस्ताव परत आला तेव्हा त्रुटीपत्र जुनंच होतं, फक्त तारीख बदललेली. त्या दिवशी मी डबा न खाताच घरी आलो.

तोवर माझ्याकडची आदेशाची प्रतही पुसट झाली होती. (मिळाल्या दिवशीच चांगली झेरॉक्स काढून ठेवा, जावक क्रमांक वाचता येईल अशी.) जुन्या कार्यालयात नस्ती ‘सापडत नव्हती’. शेवटी दहा रुपयांचं कोर्ट फी तिकीट लावून माहिती अधिकारात अर्ज केला आणि सव्विसाव्या दिवशी नस्ती सापडली. मूळ आदेश, टिपणीसकट. तो हातात घेऊन मी थेट कार्यालयप्रमुखांसमोर उभा राहिलो. साहेबांनी दोन मिनिटं वाचलं आणि भाऊसाहेबांना म्हणाले, “अहो, आदेश हाच दाखला आहे.” हे वाक्य ऐकायला मी अडीच वर्षं थांबलो होतो.

आपल्याला दुय्यम सेवापुस्तक (मूळ पुस्तकाची दुसरी प्रत) मिळतं, ते दरवर्षी मूळ पुस्तकाशी ताडून बघा. मी दहा वर्षं ते कपाटातून काढलं नव्हतं.

शेजारच्या टेबलावरच्या ताईंची गोष्टही सांगतो, कारण झालेली शिक्षा आणि चालू चौकशी या दोन्हींत लोक घोळ घालतात. त्यांच्यावर नुसती प्राथमिक चौकशी होती, तरी ‘तुमचं पाकीट मोहोरबंद होणार’, म्हणजे पदोन्नतीचा निर्णय चौकशी संपेपर्यंत बंद पाकिटात राहणार, म्हणून सगळ्यांनी घाबरवलं. दोषारोपपत्र बजावल्याशिवाय पाकीट मोहोरबंद करता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९१ मध्ये जानकीरामन प्रकरणात सांगून ठेवलंय. त्यांनी एका अर्जात तेवढं लिहिलं आणि त्यांची पदोन्नती झाली. मला ते प्रकरण तेव्हा माहीतही नव्हतं.

मार्च २०२३ मध्ये माझा सुधारित आदेश निघाला. सेवापुस्तकातल्या जुन्या नोंदीखाली लाल शाईत ते पाच शब्द लिहिले गेले. भाऊसाहेब सही घ्यायला गेले तेवढ्यात मी मोबाईलवर त्या पानाचा फोटो काढून घेतला. थकबाकीचं देयक त्यानंतर सात महिन्यांनी निघालं, एका त्रुटीसह.