कीवला जाणारी रात्रीची ट्रेन आणि निवडणूक न झालेलं वर्ष

कीवला विमान जात नाही. २४ फेब्रुवारी २०२२ पासून युक्रेनचं आकाश प्रवासी विमानांना बंदच आहे, त्यामुळे बायडन असोत, मोदी असोत नाहीतर वॉर्सात आयटीची नोकरी करणारी माझ्यासारखी कोल्हापूरची बाई असो, बहुतेक सगळे पोलंडच्या टोकाला प्शेमिशल नावाच्या छोट्या गावात येतात आणि तिथून रात्रीची ट्रेन पकडतात. पाहुण्या नेत्यांना अशी ट्रेनने ने-आण करायची याला युक्रेनच्या रेल्वेने नावसुद्धा दिलंय, आयर्न डिप्लोमसी. त्यांच्यासाठीचे ते पॉश डबे मुळात क्रिमियाला जाणाऱ्या श्रीमंत टुरिस्टांसाठी बनवलेले, मग २०१४ मध्ये क्रिमियाच रशियाच्या हातात गेला आणि डबे असे कामी आले. युद्धाच्या सुरुवातीला जो माणूस रेल्वेचा प्रमुख होता, कामिशिन, त्याला पुढे थेट शस्त्रनिर्मितीचा मंत्री केला. गाड्या वेळेवर चालवतो ना, मग तोफगोळेपण बनवेल, असा हिशोब असावा!

मी गेले ऑक्टोबर २०२४ मध्ये. आमच्या टीमचे निम्मे लोक कीवमध्ये बसतात आणि मी त्यांना फक्त स्क्रीनवर बघत आलेले, मग म्हटलं जाऊया. आईला आधी सांगितलंच नाही.

डबा साधा, चार बर्थचा. अटेंडंट बाई काचेच्या ग्लासात चहा आणते, ग्लासाला धातूचं होल्डर. जाताना नीट लक्षात नव्हतं आलं पण येताना आलं की गाडीत जवळपास सगळ्या बायका, मुलं आणि म्हातारी माणसं. तेव्हा, म्हणजे २०२४ मध्ये, १८ ते ६० वयाच्या पुरुषांना देशाबाहेर जायची परवानगी नव्हती, मोजके अपवाद सोडले तर. म्हणजे बायका ये-जा करायच्या आणि पुरुष तिकडेच.

माझ्या कंपार्टमेंटमधल्या बाईंनी मी कुठली ते विचारलं, इंडिया म्हटल्यावर फोनमधला ट्रान्सलेटर उघडून थेट मुद्द्यावर. तुमच्या पंतप्रधानांनी पुतीनला मिठी का मारली? ८ जुलैची गोष्ट. त्या दिवशी सकाळी कीवच्या ओखमतदित या मुलांच्या हॉस्पिटलवर क्षेपणास्त्र पडलं होतं आणि त्याच संध्याकाळी मॉस्कोचे ते फोटो आले. झेलेन्स्की यांनीही तेव्हा जाहीरपणे नाराजी बोलून दाखवली होती. मी म्हटलं पण ऑगस्टमध्ये ते कीवलाही आले ना. बाई म्हणाल्या हो, आले, आणि तेल कुणाकडून घेता? आता यावर काय बोलणार, युद्धाआधी भारताच्या तेल आयातीत रशियाचा वाटा २ टक्क्यांच्याही आत होता, तो २०२४ मध्ये एक तृतीयांशाच्या वर गेला होता. मी आपलं स्वस्त तेल, एवढी लोकसंख्या, महागाई वगैरे सांगितलं. खरं सांगायचं तर मला आपली बाजू अगदीच चुकीची वाटत नाही, पण रात्री अकरा वाजता समोरच्या बर्थवर बसलेल्या बाईला ती सांगायला लागलं की पत्रकार परिषदेतली वाक्यं फार तोकडी पडतात.

मोदींच्या त्या ऑगस्ट दौऱ्यात आपल्या कोल्हापूरचाही एक धागा आहे. कीवच्या आधी ते वॉर्सात होते आणि तिथल्या कोल्हापूर मेमोरियलला गेले होते, दुसऱ्या महायुद्धात कोल्हापूरजवळच्या वळिवड्याच्या छावणीत साधारण ५००० पोलिश निर्वासित राहिले होते त्याची आठवण म्हणून ते उभारलंय. मग साधारण दहा तास ट्रेन, २३ ऑगस्टला कीवमध्ये जेमतेम सात तास, भीष्म नावाचे चार मेडिकल क्यूब, म्हणजे उचलून नेता येणारी छोटी आपत्कालीन हॉस्पिटलं, भेट, करार, आणि परत ट्रेन. युक्रेन स्वतंत्र झाल्यापासून आलेले हे पहिले भारतीय पंतप्रधान. फोमिन बोटॅनिकल गार्डनमध्ये गांधीजींचा पुतळा आहे, तिथे त्यांनी फुलं वाहिली होती. मी पण जाऊन आले, पिवळ्या पानांचा खच आणि कुत्री फिरवणारे लोक, बाकी कोणी नाही.

कलीगच्या घरी जेवायला गेले तिथे मात्र खरं राजकारण ऐकायला मिळालं. मला वाटायचं युद्ध चालू असलेल्या देशात सगळे नेत्याच्या मागे गुपचूप उभे असतील. छे! बोर्श्चचं भांडं टेबलावर यायच्या आत काकू आणि मुलीचं जुंपलं. विषय झालुझ्नी. सेनाप्रमुख, प्रचंड लोकप्रिय, फेब्रुवारीत झेलेन्स्कींनी त्यांना काढून सिर्स्कींना आणलं आणि झालुझ्नींना लंडनला राजदूत म्हणून पाठवलं. आपल्याकडे डोईजड झालेल्या माणसाला राज्यपाल करतात तसंच हे, असं मी म्हटलं आणि समजावून सांगितल्यावर काकू इतक्या हसल्या की विचारू नका. त्यांचं मत, लोकप्रियतेची भीती वाटली. मुलीचं मत, २०२३ चा काउंटर ऑफेन्सिव्ह फसला, कुणाला तरी जावंच लागणार होतं. दोघींचं एकमत फक्त सरकारी टीव्हीवर, म्हणजे मोठमोठ्या चॅनेलची मिळून चालणारी ती एकत्र बातम्यांची मॅरेथॉन, ती दोघीही बघत नाहीत. सगळं टेलिग्रामवर.

मी विचारलं मग निवडणूक का घेत नाही? झेलेन्स्कींची पाच वर्षं २० मे ला संपली, एरवी मार्चअखेर मतदान झालं असतं. मार्शल लॉ असताना निवडणूक घेता येत नाही आणि तो दर ९० दिवसांनी संसद, म्हणजे राडा, वाढवत जाते. काकू म्हणाल्या, माझा भाचा खंदकात आहे, बहीण जर्मनीत, गाव रशियाच्या ताब्यात, पेटी कुठे ठेवणार? आणि जो माणूस झेलेन्स्की आता वैध राहिले नाहीत म्हणून सांगत फिरतोय तो पुतीन स्वतः मार्चमध्ये ८७ टक्क्यांनी निवडून आलाय! पण याचा अर्थ त्या झेलेन्स्कींवर खूश आहेत असा नाही, सगळी सत्ता बांकोवा रस्त्यावरच्या राष्ट्राध्यक्षांच्या त्या एका ऑफिसात गोळा झालीय ही तक्रार तर मी जिथे गेले तिथे ऐकली. मंत्री बदलले तेही तिथूनच, सप्टेंबरमध्ये परराष्ट्रमंत्री कुलेबा गेले, सिबिहा आले. कुलेबा मार्चमध्ये दिल्लीला आणि जुलैत चीनला जाऊन आले होते, जगाला आपल्या बाजूने वळवायचा सगळा आटापिटा, आणि जूनमध्ये स्वित्झर्लंडला बर्गनस्टॉकच्या शांतता परिषदेत चीन आलाच नाही, भारत आला पण सही केली नाही. हेही मला तिथे ऐकवण्यात आलं, अर्थातच.

१६ ऑक्टोबरला झेलेन्स्कींनी राडामध्ये व्हिक्टरी प्लॅन मांडला. आम्ही ऑफिसजवळच्या कॅफेत, प्रत्येक टेबलावर एक फोन उभा. पाच मुद्दे, पहिलाच नाटोचं निमंत्रण, शिवाय काही भाग गुप्त. शेजारचा मुलगा म्हणाला याच्यात आपण काय करायचं ते कमी आणि इतरांनी आपल्याला काय द्यायचं ते जास्त आहे. कडवट होता पण चुकीचा नव्हता, कारण २०२४ हे वर्षच तसं गेलं, अमेरिकेची ६१ अब्ज डॉलरची मदत काँग्रेसमध्ये सहा महिने अडकून एप्रिलमध्ये सुटली, आणि त्याच एप्रिलमध्ये सैन्यात बोलावण्याचं वय २७ वरून २५ वर आलं. वॉशिंग्टनला मत पडायला उशीर झाला की इथे गोळे कमी पडतात, हे लोकांना तारखांसकट पाठ आहे.

त्या मुलाला मेट्रोने यायला आवडत नाही. मेट्रोच्या तोंडाशी तेत्सेकाचे लोक, म्हणजे भरती कार्यालयवाले, कागद तपासायला उभे असतात. कागद नीट आहेत त्याचे, तरी. आणि तीच मेट्रो रात्रीचा आसरा, मी असताना रशियाचे शाहेद ड्रोन जवळपास रोजच येत होते. पहिल्या रात्री सायरन वाजल्यावर मी पासपोर्ट, चार्जर, पाणी सगळं घेऊन हॉटेलच्या तळघरात पळाले, तिथे मी आणि एक स्पॅनिश माणूस, बाकी कीवकर बहुतेक झोपलेले.

परतल्यावर नोव्हेंबरमध्ये ट्रम्प निवडून आले, आणि महिनाअखेरीस अमेरिकेकडून सूर निघाला की भरतीचं वय १८ वर आणा. कलीगचा धाकटा भाऊ २३ चा. तिला मेसेज करून विचारलं तर उत्तर आलं, आधी कबूल केलेली शस्त्रं पाठवा म्हणावं, मग वयाचं बोलू, आणि हो, मंगळवारचा रिलीज पुढे ढकल, आमच्याकडे लाइट नाहीये.