ते पडणं नक्की कुणाचं?

तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. लहानपणीच्या आठवणी लिहिल्या की दर वेळी कोणीतरी विचारतंच, हे सगळं खरंच घडलंय का, की थोडं मनाचं घातलंय? आधी मी ठामपणे हो म्हणायचे. आता तसं म्हणवत नाही, आणि त्याला कारण माझी ताई.

जिन्यावरून पडल्याचं मी लिहिलं होतं. गुडघा फुटलाय, ताई रुमाल बांधतेय आणि मी ओठ घट्ट मिटून बसलेय, कारण रडले तर आईला कळेल. ताईने वाचून फोन केला, "अगं, पडले मी होते, रुमाल तू बांधलास." मी भांडलेच तिच्याशी. भेटलो तेव्हा तिने गुडघा दाखवला, व्रण तिच्याच पायावर. माझे दोन्ही गुडघे साफ. तरी ते आठवलं की अजूनही दुखतं मलाच.

मग वाचत सुटले. 2001 मध्ये जुळ्या भावंडांवर एक अभ्यास छापून आलाय, त्यातही हेच, प्रसंग एकच आणि दोघंही म्हणतात की तो माझ्यासोबत घडला. आणि ज्याँ पियाजे, लहान मुलांच्या विचारांचा एवढा मोठा अभ्यासक, त्याला बाबागाडीतून कोणीतरी पळवायला आलं होतं आणि सांभाळणाऱ्या बाईने झटापट करून त्याला वाचवलं, हे अगदी तिच्या चेहऱ्यावरच्या ओरखड्यांसकट आठवायचं, आणि तो पंधराएक वर्षांचा असताना त्या बाईनेच पत्र लिहून कबूल केलं की ते सगळं मी रचलं होतं. घरात ऐकलेल्या गोष्टीचं त्याच्या डोक्यात चित्र झालं होतं, बस.

मला वाटतं माझंही तसंच झालं. पाहिलेलं, ऐकलेलं, फोटोत बघितलेलं सगळं आत एकत्र राहतं, आणि कुठून आलं ते आधी पुसलं जातं. दर वेळी आठवताना आपण ते नव्याने जुळवतो. म्हणून याला खोटं बोलणं म्हणू नका प्लीज, खोटं बोलणाऱ्याला खरं काय ते माहीत असतं. पण "मला स्पष्ट आठवतंय" हा पुरावा नाही, हे आता मी मानते.

तो लेख मी काढला नाही. ताईला विचारून खाली तिचं म्हणणं जोडलं. ते सांगताना ती एक बोलली, रुमाल बांधताना तू हमसून हमसून रडत होतीस. हे मात्र मला जराही आठवत नाही.