हौशी रेडिओ आणि ऐकण्याची कला

हौशी रेडिओ, म्हणजे ज्याला आपण सगळे हॅम रेडिओ म्हणतो, हे ध्वनिकलेचे आणि सादरीकरणाचे माध्यम होऊ शकते, असे मी इंदूरच्या आमच्या मराठी मंडळींत म्हणतो, तेव्हा पहिला प्रश्न हमखास येतो: मग त्यावरून गाणे का ऐकवत नाही? आपल्या देशातील १९७८ च्या हौशी सेवा नियमांनी संगीताचे आणि मनोरंजनमूल्य असलेल्या मजकुराचे प्रक्षेपण वर्ज्य ठरवले. परवाना मिळतो तो दुसऱ्या हौशी केंद्राशी संपर्क साधण्यासाठी आणि तंत्राच्या अभ्यासासाठी. श्रोतृवर्गासाठी कार्यक्रम करण्याचे काम आकाशवाणीचे आहे. या बंधनाविषयी माझी तक्रार नाही. प्रक्षेपणातून संगीत वगळले की उरतो तो खुद्द संपर्क, त्याची लय, त्यातील विराम आणि वाटेत आकाशाने त्यावर केलेले संस्कार. माझ्या मते या माध्यमाची कला तिथेच आहे, आणि ती ऐकणाऱ्याच्या खोलीत घडते.

मोर्सचेच, म्हणजे छोट्या-लांब खुणांनी अक्षरे पाठवण्याच्या संकेतलिपीचेच पाहा. ‘डा’ या लांब खुणेची लांबी ‘डिट’ या छोट्या खुणेच्या तिप्पट असते, एकाच अक्षरातील खुणांमध्ये एका डिटचे, दोन अक्षरांमध्ये तिनांचे आणि दोन शब्दांमध्ये सातांचे अंतर ठेवायचे असते. म्हणजे मौनालाही मात्रा आहेत. ही अंतरे कागदावर काटेकोर असली, तरी हाताने साधी की, म्हणजे खुणा पाठवण्याची कळ, चालवणारा प्रत्येक जण ती किंचित वेगळी ठेवतो, आणि कान तयार झाला की कॉल साइन, म्हणजे केंद्राचे ओळखचिन्ह, पूर्ण होण्याआधीच की कोणाच्या हाताखाली आहे ते ओळखू येते. ज्या गावाने उस्ताद अमीर खाँ यांचा झुमऱ्यातला अतिविलंबित ख्याल ऐकला आहे, तेथील रसिकाला दोन आघातांमधली जागा कशी ऐकायची हे शिकवावे लागत नाही. ‘डा-डि-डा-डिट, डा-डा-डि-डा’ ही सीक्यूची, म्हणजे ‘कोणी आहे का?’ असे सर्वांना विचारणारी हाक मी ओळखीच्या तबलावादकांना ऐकवली आहे. अक्षरे न कळताही ते हाताविषयी बोलू लागतात, आणि ते बोलणे अचूक असते.

दुसरा प्रयोग केवळ ग्रहणाचा आहे आणि मला तो सर्वांत मोलाचा वाटतो. मध्यम लहरींवर आकाशवाणीचे शास्त्रीय गायन चालू असताना संच सिंगल साइडबँडवर, म्हणजे ट्यूनिंग सरकले की स्वरही सरकतात अशा ग्रहणपद्धतीवर, ठेवावा आणि ट्यूनिंग अगदी थोडे सरकवावे. टेपचा वेग बदलल्यावर सगळे स्वर एकाच प्रमाणात चढतात किंवा उतरतात, त्यामुळे राग शाबूत राहतो. येथे मात्र प्रत्येक कंप्रतेत तेवढाच आकडा मिळवला किंवा वजा केला जातो. षड्ज ४४० हर्ट्झवर आणि पंचम ६६० वर असेल, तर त्यांचे गुणोत्तर दीड असते. दोन्हींत ४० मिळवा, म्हणजे ४८० आणि ७०० होतात, गुणोत्तर १.४६ च्या आत येते आणि पंचम निम्म्या वाटेने तीव्र मध्यमाकडे सरकतो. स्वरांचे उपस्वरही याच रीतीने विस्कटतात, त्यामुळे तानपुऱ्याला काशाच्या घंटेसारखा नाद येतो. माझ्या एका काकूंनी, ज्या अनेक वर्षे गाणे शिकवतात, हे ऐकून डोळे मिटले आणि म्हणाल्या, ‘‘अरे, पंचम लागत नाहीये, पण बाई बेसूर नाही.’’ संच पुन्हा हळूहळू जागेवर आणताना स्वर एकमेकांना सापडतात, तो क्षण मी मुद्दाम लांबवतो.

आकाशाचा वाटा याहून मोठा आहे. दिवसा आयनावरणाचा, म्हणजे रेडिओलहरी परतवणाऱ्या वरच्या वातावरणाचा, खालचा ‘डी’ थर कमी कंप्रतेच्या बँडांवरील लहरी शोषून घेतो. सूर्यास्तानंतर तो विरतो. त्यामुळे सात मेगाहर्ट्झवर दुपारी भोपाळ-नागपूरकडचे जे आवाज स्पष्ट असतात, ते संध्याकाळी पुष्कळदा मागे पडतात आणि दूरदूरची केंद्रे पुढे येतात. मालव्याच्या संध्याकाळी गच्चीवरच्या सुमारे वीस मीटर लांबीच्या डायपोल अँटेनावर हा बदल सलग ऐकता येतो. मे-जूनमध्ये शेकडो किलोमीटर दूरच्या विजांची कडकडही त्यात मिसळते. या सादरीकरणाचा आरंभ आणि शेवट सूर्य ठरवतो, म्हणून मंडळींना जमवून ऐकण्याच्या बैठकीची वेळ मी पंचांगातला सूर्यास्त पाहून ठेवतो.

जगात या वाटेने गंभीर काम झालेले आहे. स्कॉटिश कलाकार केटी पॅटरसन यांनी २००७ मध्ये बीथोव्हनच्या ‘मूनलाइट सोनाटा’ची स्वरलिपी मोर्समध्ये घालून चंद्राकडे पाठवली. परत आलेल्या संदेशात जे हरवले होते, त्या जागा रिकाम्याच ठेवून ती रचना स्वयंचलित पियानोवर वाजवली गेली. इटालियन कलाकार डॅनिएला दे पाउलिस यांनी नेदरलँड्समधील ड्विंगेलो येथील २५ मीटर व्यासाच्या रेडिओ दुर्बिणीच्या साहाय्याने चित्रे ध्वनिसंकेतांत रूपांतरित करून चंद्रावरून परतवली. जाण्यायेण्याला सुमारे अडीच सेकंद लागतात, आणि चित्र परतते ते कणाकणाने खरवडलेले. दोन्ही कामांत वाटेतली झीज दुरुस्त केलेली नाही, हे मला फार महत्त्वाचे वाटते.

एवढी मोठी अँटेना आपल्याकडे नसली, तरी चित्रे ध्वनीतून येताना ऐकणे इंदुरातही शक्य आहे. आंतरराष्ट्रीय अंतराळ स्थानकावरून अधूनमधून १४५.८०० मेगाहर्ट्झवर मंदगती चित्रसंकेत पाठवले जातात. एका चित्राला साधारण दोन मिनिटे लागतात, त्यामुळे स्थानक क्षितिजावरून क्षितिजाकडे जाईपर्यंत मोजकीच चित्रे हाती येतात. पुढच्या बैठकीत मी चित्र दाखवणारा पडदा लावणार नाही. जमलेल्यांनी आधी नुसता आवाज ऐकावा, चित्राच्या ओळी मोठ्या कागदावर कोळशाने आपापल्या हाताने ओढाव्यात, आणि संगणकाने उलगडलेले चित्र नंतर शेजारी ठेवावे, असा बेत आहे. ज्यांना यायचे असेल त्यांनी कोळसा आणावा. कागद माझ्याकडे आहे.