हायफ्लायर १:३५० : तोफा बसल्या, आता बोटी

मंडळी, एचएमएस हायफ्लायर या जुन्या ब्रिटिश क्रूझरच्या (मध्यम आकाराच्या युद्धनौकेच्या) १:३५० मापाच्या मॉडेलचा हल, म्हणजे जहाजाचा मुख्य सांगाडा, पुटी मारून, घासून, रंगून तयार आहे. लांबी ३२.४ सेंटीमीटर, रुंदी ४.७. मूळ जहाज ३७२ फूट लांब, ५४ फूट रुंद, ५,६५० टनांचं. ग्लासगोच्या गोवन भागात फेअरफील्ड कंपनीने बांधलं आणि ४ जून १८९८ ला पाण्यात सोडलं.

करडा सोडून पांढरा रंग का दिला, असं बरेच जण विचारतील. या जहाजाचं नाव निघालं की पहिल्यांदा १९१४ ची लढाईच आठवते, आणि तेव्हा ते करडंच होतं. पण शांततेच्या काळातली त्याची खरी जागा ईस्ट इंडीज स्टेशन, म्हणजे ब्रिटिश नौदलाचा हिंदी महासागरातला विभाग. तिथलं ते फ्लॅगशिप, म्हणजे ॲडमिरलचं जहाज होतं. १९०० च्या सुमारास उष्ण समुद्रातल्या ब्रिटिश जहाजांना पांढरा हल आणि पिवळसर बदामी धुरांडी असत. शिवाय १० जून १९२१ ला ते भंगारात विकलं गेलं, तेही मुंबईत. आपल्या किनाऱ्याशी एवढं नातं असलेलं जहाज मला त्याच रंगात हवं होतं. बदामी छटा दोनदा बदलली. आताची, जरा मळकी, पटते आहे.

सहा इंची अकरा तोफा पितळी तारेच्या केल्या: पुढे एक, मागच्या डेकवर शेजारी शेजारी दोन, दोन्ही बाजूंना चार-चार. २६ ऑगस्ट १९१४ ला आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर, स्पेनच्या ताब्यातल्या रिओ दे ओरोपाशी याच तोफांनी ‘कैसर विल्हेल्म देर ग्रोस’ला गाठलं. एके काळी अटलांटिक सर्वांत वेगाने ओलांडण्याचा मान मिळवलेली ही चार धुरांड्यांची जर्मन प्रवासी बोट तोफा चढवून व्यापारी जहाजांच्या मागे लागली होती. ती कोळसा भरत असताना हायफ्लायर आलं. कॅप्टन बुलरने शरण यायला सांगितलं, जर्मनांनी नकार दिला. दारूगोळा संपल्यावर आम्हीच बोट बुडवली, असं जर्मन म्हणतात. आमच्या तोफांनी बुडाली, असं ब्रिटिश. हायफ्लायरचा एक माणूस गेला, पाच जखमी झाले. पाणी मात्र तटस्थ स्पेनचं होतं, त्यामुळे या विजयाचं मला तेवढं कौतुक वाटत नाही.

मला कौतुक आहे ते एका वल्ह्यांच्या बोटीचं.

६ डिसेंबर १९१७. हायफ्लायर कॅनडातल्या हॅलिफॅक्स बंदरात होतं. स्फोटकांनी भरलेल्या फ्रेंच ‘माँ-ब्लाँ’ची नॉर्वेच्या ‘इमो’शी टक्कर झाली आणि ‘माँ-ब्लाँ’ पेटलं. हायफ्लायरचे कमांडर टॉम ट्रिग्ज जहाजावरची व्हेलर, म्हणजे वल्ह्यांची लांबट बोट, घेऊन तिकडे निघाले. बोटीत त्यांच्यासह सात जण. बंदरातल्या ‘नायोबी’ची वाफेची बोटही मदतीला गेली, तीही व्हिक्टोरियाच्याच काळातली क्रूझर, कॅनडाच्या नौदलात गेलेली. ट्रिग्ज आधी जवळच्या टगवर (जहाजं ओढणाऱ्या बोटीवर) चढले, ‘माँ-ब्लाँ’साठी करण्यासारखं काही उरलं नाही असं पाहून पुन्हा व्हेलरमध्ये उतरले आणि ‘इमो’वरच्या माणसांकडे निघाले. ९ वाजून ४ मिनिटांनी स्फोट झाला. सातांपैकी एकटा खलाशी विल्यम बेकर पोहत डार्टमथच्या काठाला लागला. ट्रिग्जना मरणोत्तर अल्बर्ट मेडल, म्हणजे जीव वाचवण्यासाठीच्या शौर्याचं ब्रिटिश पदक, मिळालं. त्याच दिवशी जळत वाहत चाललेल्या, दारूगोळा असलेल्या ‘मस्क्वॉश’ टगवर चढलेल्या डेव्हिस आणि स्टोन्स या हायफ्लायरच्याच खलाशांनाही ते मिळालं.

म्हणून बोटींना तयार रेझिनचे ठोकळे लावायचे नाहीत, असं ठरवलं. नौदलातली २७ फुटी व्हेलर या मापात जेमतेम साडेतेवीस मिलिमीटर होते. पातळ प्लॅस्टिककार्ड साच्यावर गरम करून ओढलं, आतल्या बैठका वेगळ्या कापून बसवल्या. दोन्ही टोकं निमुळती असल्याने कार्ड तिथेच सुरकुततं. नाळेपाशी (बोटीच्या पुढच्या टोकाशी) बारीक चीर देऊन जोडल्यावर आकार नीट आला. वल्ही ताणलेल्या स्प्रूची (किटमधले भाग ज्या प्लॅस्टिकच्या काड्यांना जोडलेले असतात त्या गरम करून ओढलेल्या).

पुढचं काम डेव्हिट (बोटी टांगायचे वाकडे खांब) आणि दोर. या मापाला नायलॉनचा धागा जाड दिसतो आणि ताणलेला स्प्रू उन्हाळ्यात सैल पडतो. बारीक तांब्याची तार कुणी वापरली असेल, तर ती काळी कशी केली ते जरूर सांगा.