आमची वाटचाल : शिलाई मशीनचा ठोका

सुरुवातीला आम्ही दोघंच होतो. मी कीबोर्डवर, माझी भागीदार चेलोवर. एक खोली, एक कॉम्प्युटर, दोन माइक. पहिली दोन वर्षं विद्यार्थ्यांच्या लघुपटांना संगीत दिलं. मानधन जेमतेम, पण हात बसला तो तिथेच.

पहिली मोठी चूकही तिथलीच. दिग्दर्शकाने पाहायला पाठवलेली कॉपी सेकंदाला 25 फ्रेमने पळत होती, मूळ फिल्म 24 ची. आम्ही विचारलंच नव्हतं. दर मिनिटामागे अडीच सेकंदांचा फरक पडत गेला आणि पडद्यावर दार लागण्याआधीच आमचा शेवटचा सूर विरून गेला. रात्रभर बसून सगळं पुन्हा जुळवलं. तेव्हापासून फ्रेम रेट लेखी घेतो, आणि पहिल्या फ्रेमच्या बरोब्बर 2 सेकंद आधी बीप मागतो, म्हणजे चित्र आणि आवाज जुळलेत का ते कळतं. एडिट लॉक झाल्याशिवाय, म्हणजे कापाकापी पक्की झाल्याशिवाय, अंतिम रेकॉर्डिंग करत नाही.

खरं घडवलं ते माहितीपटांनी. एकात शिवणकाम करणारी बाई होती. तिच्या प्रसंगासाठी मिनिटाला 92 ठोक्यांच्या लयीत तुकडा बांधला, दिग्दर्शिकेने एडिटवर लावलेल्या तात्पुरत्या संगीताच्या वळणाचा. ऐकायला गोड होता, पण तो सुरू झाला की बाई मागे पडायची. शेवटी संगीत बंद करून नुसता मूळ आवाज ऐकत बसलो. मशीन पायाचं होतं. सरळ शिवणीवर वेग वाढे, कोपरा जवळ आला की मंदावे, कापड वळवताना पाय थांबे आणि तिचा श्वास ऐकू येई. आम्ही क्लिक ट्रॅक, म्हणजे वाजवताना कानात चालणारी ठरावीक टिकटिक, काढून टाकला आणि तिच्या पायाच्या चालीवर टेम्पो मॅप, म्हणजे लय कुठे किती बदलते त्याचा आराखडा, आखला, एकेक ठोका पकडून. चेलोची तार बोटाने छेडली, तीही पाय थांबतो तिथेच. चार मिनिटांच्या प्रसंगात संगीत उरलं जेमतेम चाळीस सेकंद. दिग्दर्शिकेने तो दोनदा पाहिला आणि तात्पुरतं संगीत स्वतःच्या हाताने टाइमलाइनवरून काढलं.

त्यानंतर संगीताच्या मिनिटाच्या हिशेबाने पैसे घेणं सोडलं. तसा दर लावला की जागा भरायची ओढ लागते, आणि माहितीपटात बोलणाऱ्या माणसाच्या आवाजावर चढलेलं संगीत मला सहन होत नाही. आता एका फिल्मचं एकच मानधन ठरवतो. बजेट लहान असेल तर कॉपीराइट आमच्याकडे ठेवून फिल्मला वापराचा परवाना देतो. तंतुवाद्यं, ताल, ड्रोन (मागे सलग धरलेला सूर) यांचे स्टेम्स, म्हणजे स्वतंत्र ध्वनी-फाइल्स, वेगळे पाठवतो, म्हणजे मिक्स करणाऱ्याला संवादाला अडणारी तेवढीच गोष्ट खाली घेता येते. सोबत क्यू शीट असतेच: तुकड्याचं नाव, कालावधी, संगीतकार. फिल्म प्रसारित झाली की रॉयल्टीचा हिशेब त्यावरच चालतो, तरी लहान निर्मिती संस्थांकडून ती भरायची राहून जाते.

आज आम्ही चौघं आहोत. नवी फिल्म घेऊन येणाऱ्यांना एक विनंती असते: रफ कटवर, म्हणजे फिल्मच्या पहिल्या कच्च्या जोडणीवर, आवडतं संगीत चढवण्याआधी तो एकदा मूळ आवाजासकट आम्हाला दाखवा.